पालथं

चौऱ्याऐंशीच्या हिवाळ्यात
मी दिवसाला सहा घरं करायची,
इन्व्हरकार्गिलपासून पार रिव्हर्टनपर्यंत.
मागच्या सीटवर आकड्याचा वजनकाटा,
डिकीत मेंढीची दोन मऊ कातडी, उसनी द्यायला,
आणि तोंडात एकच वाक्य:
पालथं निजवा. उताण्या बाळाला ठसका लागतो.

असंच छापलेलं होतं. असंच शिकवलेलं होतं.
प्रत्येक बाळाच्या वहीत मी ते निळ्या शाईने लिहायची,
खाली दोन रेघा.
अक्षर चांगलं होतं माझं. सगळे म्हणायचे.

ग्लेनिस मॅकाराने तर ते पान
फ्रिजवर लोहचुंबकाने लावलं होतं.
तिच्या घरात कशाला म्हणून नाव ठेवायला जागा नव्हती.
हीटर चालू, कातडं झटकलेलं, दुपट्यावर दुपटं,
बाळ पालथं, गाल एका अंगाला,
मी सांगितलं तसं. अगदी तसंच.
अकराव्या आठवड्यातल्या एका मंगळवारी
तिला जाग आली तेव्हा सात वाजले होते
आणि आधी तिला आनंद झाला,
पोरानं रात्रभर झोपू दिलं म्हणून.

मी गेले होते. पोलिसाने वही चाळली,
माझ्या दोन रेघांवर बोट ठेवलं, म्हणाला,
म्हणजे आईचं काही चुकलेलं नाही.
नाही, मी म्हणाले. काहीच नाही.
ग्लेनिसने चहा केला. साखर घातली होती.
मी साखर घेत नाही. प्याले.

आणि ती हेनी, रस्त्याच्या टोकाची,
तिचं पोर कपाटाच्या खणात, उताणं,
दोन्ही हात डोक्याशी.
मी उचललं, उलटं केलं, पाठीवर थोपटलं.
पुढच्या भेटीला पुन्हा उताणं.
पुन्हा मी.
ती ओठ मिटून खिडकीबाहेर बघायची.
गाडीत बसून मी तिच्या नावापुढे शेरा मारला,
पालथ्या घड्यावर पाणी.

मग काही वर्षांनी नवं पत्रक आलं.
उताणं निजवा.
एका शब्दाचा फरक.
मी तेही नीट अक्षरात लिहीत गेले, निवृत्त होईपर्यंत.
रेघा मात्र मारल्या नाहीत.

मागच्या वर्षी हेनी औषधांच्या रांगेत भेटली.
सोबत सहा फुटी मुलगा, दाढी पिकायला लागलेली.
म्हणाली, तुझी गाडी वळणाआड गेली ना,
की मी ह्याला परत सरळ करायची. दर वेळी.
रागावू नकोस आता.
मी त्याच्या कोटाची बाही धरली
आणि सोडायची विसरले.
बिचारा अवघडून उभा होता,
हातात आईच्या गोळ्यांची पिशवी.

आता ब्रायरच्या घरी, बोळात, स्टुलावर मी.
आत तामा, पाच महिन्यांचा, एकटा.
ब्रायर मोबाइलवर मिनिटं मोजते आहे,
आधी तीन, मग पाच, मग सात,
म्हणजे म्हणे तो आपला आपण झोपायला शिकेल.
तो किंचाळतो. ती नखं खाते.
आजी, तुमच्या वेळी काय सांगायचे गं?
मी म्हणते, रडतोय ना, मग बरं आहे.
तिला वाटतं मी धीर देते आहे.

सहाव्या मिनिटाला रडणं थांबतं.
तिचा चेहरा उजळतो.
मी तेव्हाच उठलेली असते.

पाळण्यात उशी नाही, दुपटं नाही, अस्वल नाही,
चादर ताणलेली, आणि तामा,
ज्याला आम्ही उताणं ठेवलं होतं तो,
पालथा. आपला आपण. आज पहिल्यांदा.
नियम मला पाठ आहे:
स्वतःहून वळला तर वळू द्यावं.
हात पुढे गेलेले मागे घेते,
पाठीशी एकमेकांत अडकवते.

दारातून ब्रायर कुजबुजते, झोपला?
त्याची पाठ वर येते. खाली जाते.
थांब, मी म्हणते.
अजून एक.